सोंग आणि सत्य : कै. श्रीपाद कृष्ण कोल्हटकर

सुगीचे दिवस आले म्हणजे पूर्वीं आमच्या धामणगांव बढ्यासारख्या गांवांतून बहुरूपी येत असे. अंगांत खाकी कोट, कमरेस पट्टा, हातांत दंडुका. दारांत उभा राहून तो घरधन्यावर वॉरंट बजावी, आणि ओसरीवरचीं पोरें आईच्या पदराआड लपत. घटकाभरानें तोच अंमलदार मुजरा करून सुपभर ज्वारी मागे, आणि सारें घर हसूं लागे. ही मौज आमच्या वाचकांपैकीं कांहींनीं स्वतः पाहिली असेल. इतरांनीं वडीलधाऱ्यांच्या तोंडून ऐकली असेल. बहुरूप्याचें सोंग तर उघडच होतें. परंतु ज्या कोटाला व पट्ट्याला आपण क्षणभर भ्यालों, त्याच्या आंत खरें किती होतें, हा प्रश्न मात्र कोणी कोणास विचारीत नसे.

हा प्रश्न ज्यांनीं जन्मभर विचारला, आणि तोहि हसत हसत विचारला, ते कै. श्रीपाद कृष्ण कोल्हटकर आपल्याच बुलढाणा जिल्ह्यांत राहून गेले. आजच्या विद्यार्थ्यांस त्यांचें नांव ठाऊक असलेंच तर बहुधा महाराष्ट्रगीताचे कर्ते म्हणून असतें. गीत गातांना कवीकडे लक्ष जात नाहीं, आणि नाटककार व विनोदकार कोल्हटकर तर पुस्तकांच्या कपाटांतच राहतात. म्हणून त्यांचें चरित्र थोडक्यांत सांगण्याचें आम्हीं योजिलें आहे.

कोल्हटकरांचा जन्म २९ जून १८७१ रोजीं नागपूर येथें झाला. माध्यमिक शिक्षण अकोल्यास झालें. १८८८ सालीं मॅट्रिकची परीक्षा उतरून ते पुण्याच्या डेक्कन कॉलेजांत गेले, आणि १८९७ सालीं कायद्याची पदवी मिळवून पुढें वऱ्हाडांत वकिली करूं लागले. प्रथम अकोला, नंतर खामगांव व जळगांव जामोद हीं त्यांच्या व्यवसायाचीं गांवें होत. खानदेशांतील जळगांवाशीं वाचकांनीं घोटाळा करूं नये. हें जळगांव आपल्या मोताळा तालुक्यापासून पूर्णेच्या पलीकडे, सातपुड्याच्या पायथ्याशीं वसलेलें आहे. मुंबईपुण्याच्या नाटकगृहांपासून इतक्या दूरच्या मुलखांत कज्जेदलालीचे कागद चाळणाऱ्या या गृहस्थांनीं मराठी रंगभूमीस नवें वळण लावलें व मराठी विनोदाचा पाया घातला. तालुक्याच्या गांवीं राहून काय होणार, असें ज्या विद्यार्थ्यास वाटत असेल, त्यानें या एका गोष्टीचा विचार करावा.

कोल्हटकर ज्या काळांत वाढले तो काळच सोंगांचा होता. आमचा वऱ्हाड प्रांत १८५३ पासून नांवानें निजामाचा व अंमलानें इंग्रजांचा असे. १९०३ सालीं तो मध्यप्रांतास जोडला गेला. प्रांताचीच जेथें दोन नांवें, तेथें माणसांची काय कथा? कचेरींत जातांना कारकुनानें कोट चढवावा, साहेबापुढें कसें उभें राहावें व किती वाकावें याचे नियम पाळावे. घरीं येतांच कोट खुंटीस टांगून सोवळें नेसावें व तेथील नियम तितक्याच कसोशीनें पाळावे. विलायतेंत राणी व्हिक्टोरियाच्या राजवटींत शिष्टाचाराचें मोठें स्तोम माजलें होतें. कोणी कोणाच्या घरीं केव्हां जावें, कोणाशीं बोलावें, कोणाशीं लग्न लावावें, या सर्वांस कुळाचा व उत्पन्नाचा दाखला लागे. आमच्याकडे कुळ, गोत्र, पत्रिका व हुंडा यांची चौकट अगोदरच होती. तिच्यावर आतां या नव्या विलायती शिष्टाचाराचा मुलामा चढूं लागला. अशा दुहेरी नियमांत सांपडलेला मनुष्य दिवसांतून दोनचार वेळां सोंग पालटतो, आणि शेवटीं आपला खरा चेहरा कोणता हें तोच विसरतो.

या विषयावरील एक प्रसिद्ध इंग्रजी नाटक नेमकें याच सुमारास रंगभूमीवर आलें. १८९५ सालच्या फेब्रुवारीच्या १४ तारखेस लंडनच्या सेंट जेम्स थिएटरांत ऑस्कर वाइल्ड याच्या ‘दि इम्पॉर्टन्स ऑफ बीइंग अर्नेस्ट’ या प्रहसनाचा पहिला प्रयोग झाला. त्यांतील जॅक नांवाचा तरुण खेड्यांत मोठ्या सभ्यपणानें राहतो, आणि शहरांत मौज मारावयास जातां यावें म्हणून अर्नेस्ट नांवाचा एक उनाड भाऊ कल्पून ठेवतो. त्याचा मित्र अल्जर्नन याला शहरांतील कंटाळवाण्या मेजवान्या चुकवावयाच्या असतात. म्हणून त्यानें खेड्यांत राहणारा एक सदा आजारी मित्र निर्माण केलेला असतो. गंमत अशी कीं, दोघांच्याहि प्रेयसींस अर्नेस्ट याच नांवाचा नवरा हवा असतो, कारण इंग्रजींत त्या नांवाचा उच्चार व कळकळीचा मनुष्य या अर्थाच्या शब्दाचा उच्चार एकच. मुलीची आई हातांत टिपणवही घेऊन वराची उलटतपासणी करते. उत्पन्न किती, घर कोणत्या पेठेंत, आईबाप कोण? आणि वर सांगतो कीं, आईबाप ठाऊक नाहींत. आपण तान्हेपणीं रेल्वे स्टेशनावर एका पिशवींत सांपडलों! शेवटीं त्याचें खरें नांव अर्नेस्टच निघतें, आणि इतके दिवस थापा मारतांना आपण नकळत खरें बोलत होतों, याचें त्यालाच वाईट वाटतें.

आमच्या वाचकांस ही टिपणवही कांहीं परकी वाटणार नाहीं. वधूवरांच्या चौकशीस निघालेल्या आपल्याकडील मंडळीच्या खिशांत ती नेहमींच असते. शेती किती, ओलीत किती, मुलगा कोठें चिकटला आहे, आणि देणेंघेणें काय ठरलें, एवढें कळलें म्हणजे मनुष्य कळला, असें आपण समजतों.

हें नाटक लंडनांत आलें त्याच्या पुढच्याच वर्षीं, म्हणजे १८९६ सालीं, कायद्याचा अभ्यास अद्याप पुरा झालेला नसतांना, कोल्हटकरांचें पहिलें गाजलेलें नाटक ‘वीरतनय’ किर्लोस्कर नाटक मंडळीनें रंगभूमीवर आणलें. मराठी प्रेक्षकांस सोंगाची कथा नवी नव्हती. अण्णासाहेब किर्लोस्करांच्या १८८२ सालच्या ‘सौभद्रां’त अर्जुन यतीचा वेष घेऊन सुभद्रेच्या घरीं उतरतो, हें लहानथोरांस पाठ होतें. परंतु तें सोंग पुराणांतील देवादिकांचें. कोल्हटकरांनीं पुराणाचा आधार सोडून आपल्या कल्पनेनें कथानकें रचलीं, पारशी रंगभूमीवरील नव्या चाली मराठी पदांत आणल्या, आणि सोंगाच्या आडून आपल्याच काळच्या समाजाचे प्रश्न बोलावयास लावले. ‘मूकनायक’ या १९०१ सालच्या नाटकाचा नायक मुक्याचें सोंग घेऊन वावरतो; नाटकाचा रोख मद्यपानावर आहे. ‘गुप्तमंजूष’ १९०३ सालचें, ‘मतिविकार’ १९०७ सालचें, ‘वधूपरीक्षा’ १९१४ सालचें, ‘जन्मरहस्य’ १९१८ सालचें. स्त्रीशिक्षण, पुनर्विवाह, विवाहांतील निवड, जन्मावरून ठरणारा मोठेपणा, असे विषय या नाटकांतून येतात. कांहीं झांकलें आहे व तें उघडावयाचें आहे, असेंच यांपैकीं कित्येक नांवें सुचवीत नाहींत काय?

कोल्हटकरांच्या नाटकांत इतकें वेषांतर व इतकी लपवालपवी कां, असें पुष्कळ टीकाकारांनीं विचारलें आहे. आम्हांस त्याचें उत्तर त्या काळच्या रीतींत दिसतें. ज्या समाजांत लग्नापूर्वीं वधूवरांनीं एकमेकांशीं चार शब्द बोलणें हाच मुळीं अपराध, त्या समाजांतील नाटककारानें त्यांची ओळख करून द्यावी तरी कशी? खऱ्या नांवानें मुलगा दारांत आला कीं त्याच्या आधीं त्याचें कुळ व त्याच्या बापाची मालमत्ता आंत शिरणार. मुक्याला कोणी कुळ विचारीत नाहीं. सोंग घेतलें म्हणजे मनुष्य तेवढा उरतो, बाकीचें सारें बाहेर राहतें. समाजाच्या चौकटींत खरें बोलण्यास जागा नसली म्हणजे खऱ्याला खोट्याचा अंगरखा घालून आंत आणावें लागतें. कोल्हटकरांनीं तेंच केलें.

नाटकांहूनहि त्यांची कीर्ति ज्यानें टिकविली तें सोंग त्यांनीं स्वतः घेतलें. १९०२ सालीं ‘विविधज्ञानविस्तार’ मासिकांत ‘साक्षीदार’ हा त्यांचा विनोदी लेख प्रसिद्ध झाला. कोर्टांत रोज ज्या प्राण्याशीं गांठ पडे, त्याच्यापासूनच या वकिलानें आरंभ करावा हें योग्यच होतें. साक्षीदार म्हणजे देखील शपथ घेऊन सोंग करणारा बहुरूपीच. पुढें असे लेख वाढत गेले. त्यांत सुदामा हा लेखक, आणि बंडूनाना व पांडुतात्या हे त्याचे सोबती. १९१० सालीं अठरा लेखांचें पुस्तक निघालें, आणि १९२३ सालीं ‘सुदाम्याचे पोहे’ बत्तीस लेखांचे झाले. सुदाम्यानें श्रीकृष्णास मूठभर पोहे नेले, तसे हे वाचकापुढें ठेवलेले पोहे. गोड मानून घेणें त्याच्याकडे.

या सुदाम्याचें मर्म विद्यार्थ्यांनीं नीट ध्यानांत घ्यावें. सुदामा हा सुधारक नाहीं. तो जुन्या रूढींचा भोळा भक्त आहे. सणवार, शकुन, मानपान, लग्नांतील थाट या सर्वांची तो मोठ्या निष्ठेनें तरफदारी करतो, आणि ती इतकी करतो कीं रूढीचा सारा डोलारा त्याच तरफदारीच्या भारानें कोसळतो. वाचक प्रथम सुदाम्यास हसतो. मग त्याच्या लक्षांत येतें कीं, गेल्याच महिन्यांत आपणहि हेंच केलें होतें. तेथें हसूं थांबतें, आणि कोल्हटकरांचें खरें काम सुरू होतें.

त्या काळीं हें काम कठीण होतें, हें कळण्यास एक दाखला पुरे. ज्या अकोल्यास कोल्हटकर शिकले, त्याच अकोल्यास त्यांच्यापूर्वीं गोपाळ गणेश आगरकर शिकले होते. आगरकरांनीं रूढींवर सरळ तर्काचे घाव घातले, आणि पुण्यांतील विरोधकांनीं ते जिवंत असतांना त्यांची प्रेतयात्रा काढली. पुनर्विवाहाचा कायदा १८५६ सालींच झाला होता; तरी अर्ध्या शतकानंतर ‘मतिविकार’ लिहिण्याची गरज उरली होती. कायदा कागदावर राहतो आणि उपदेश कानाबाहेर राहतो. हसणारा मनुष्य मात्र तोंड उघडतो, आणि उघड्या तोंडांत औषध घालणें सोपें जातें. केवळ हास्यानें समाज सुधारतो असें आम्ही म्हणत नाहीं. बालविवाहास आळा घालणारा कायदा होण्यास १९२९ साल उजाडावें लागलें. पण कायद्याची वाट मनांतून जाते, आणि ती वाट झाडण्याचें काम कोल्हटकरांसारख्यांनीं केलें.

थोरांचें चरित्र सांगतांना त्यांचे दोष लपविणें हेंहि एक सोंगच होय; म्हणून तेहि सांगतों. कोल्हटकरांस शब्दांवरील कोट्यांचा मोह आवरत नसे. त्यांच्या नाटकांतील राजा, दासी, विद्वान् व अडाणी सारेच एकाच तऱ्हेचे चतुर बोलतात. कथानकांची गुंतागुंत कधीं कधीं इतकी होते कीं, सोंग कोणाचें व कशासाठीं हें आठवतांना प्रेक्षक दमतो. त्यांच्याच काळांतील गोविंद बल्लाळ देवलांची १८९९ सालची ‘शारदा’ साध्या भाषेच्या बळावर पिढ्यान् पिढ्या रंगली. कोल्हटकरांचीं नाटकें मात्र हळूहळू मागें पडलीं. ज्यानें कृत्रिम शिष्टाचारास हसावें त्याचीच भाषा कृत्रिम व्हावी, हा दैवाचा विनोद म्हणावयाचा.

परंतु त्यांनीं लाविलेलें झाड त्यांच्या नाटकांहून मोठें झालें. राम गणेश गडकरी त्यांस गुरु मानीत. या शिष्यानें गुरूच्या वाटेनें जाऊन एक सोडून दोन नांवें घेतलीं. कवितेपुरता तो गोविंदाग्रज झाला व विनोदापुरता बाळकराम. ‘मूकनायकां’तील मद्यपानाचा विषय शिष्यानें ‘एकच प्याला’ या नाटकांत असा मांडला कीं प्रेक्षक हसण्याचें विसरून रडूं लागले. २३ जानेवारी १९१९ रोजीं सावनेर येथें गडकरी अकालीं वारले. गुरूस शिष्याचा मृत्यु पाहावा लागला. वि. स. खांडेकर हेहि कोल्हटकरांस गुरुस्थानीं मानीत. त्यांस १९७४ सालचा ज्ञानपीठ पुरस्कार मिळाला, तेव्हां गुरूस जाऊन चाळीस वर्षें झालीं होतीं.

कोल्हटकरांची बुद्धि एकाच विषयांत रमणारी नव्हती. कादंबऱ्या, कविता व टीकालेख तर त्यांनीं लिहिलेच. शिवाय ज्योतिर्गणितासारख्या रुक्ष शास्त्रावरहि ग्रंथ लिहिला. आकाशांतील ग्रहांचें खरें गणित मांडणारा हा मनुष्य, ग्रहांच्या नांवानें भोळ्या लोकांस घाबरविणाऱ्यांवर हसला तर नवल काय? १९२७ सालीं पुणें येथें भरलेल्या मराठी साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष झाले. १ जून १९३४ रोजीं त्यांचें देहावसान झालें. त्यांचें आत्मवृत्त त्यानंतर १९३५ सालीं प्रसिद्ध झालें.

येथें पुन्हां त्या इंग्रजी नाटककाराची आठवण होते. वाइल्डच्या प्रहसनास सारें लंडन खोखो हसलें. पण दोनच महिन्यांत त्याच्या खाजगी आयुष्यावरून खटले उभे राहिले. नाटकाच्या जाहिरातींवरून त्याचें नांव काढून टाकण्यांत आलें, थोड्याच दिवसांत प्रयोग बंद पडले, आणि त्याच वर्षाच्या मे महिन्यांत त्याला दोन वर्षें सक्तमजुरीची शिक्षा झाली. १९०० सालीं पॅरिस येथें तो विपन्नावस्थेंत वारला. रंगभूमीवरील खोट्या नांवास जे टाळ्या वाजवीत होते, त्यांनींच खऱ्या माणसाकडे पाठ फिरविली. कोल्हटकरांस असें कांहीं सोसावें लागलें नाहीं. ते मानानें जगले व मानानें गेले. तथापि दोघांच्या उदाहरणांवरून एकच गोष्ट दिसते. समाजास सोंग पाहून हसणें आवडतें. सोंगाखालचें सत्य पाहण्याचा प्रसंग आला कीं तो डोळे मिटतो. कोल्हटकरांनीं हें ओळखलें, आणि म्हणून हसणाऱ्यांचें पहिलें लक्ष्य म्हणून सुदाम्याच्या रूपानें स्वतःसच पुढें केलें. दुसऱ्यास हसण्यापूर्वीं जो स्वतःस हसतो त्याचा राग कोणास येत नाहीं, आणि त्याचें म्हणणें मात्र मनांत राहतें.

सगळीं सोंगें आणतां येतात, पण पैशाचें सोंग आणतां येत नाहीं, अशी आपल्याकडे म्हण आहे. आमच्या भागांत ही म्हण दरवर्षीं लग्नसराईंत खोटी ठरते. कपाशीचे पैसे फिटाफिटींत गेलेले असतात, तरी मांडव मोठाच हवा, वाजंत्री नामांकितच हवी, आणि पंगत उठतां कामा नये. त्यासाठीं कोठें जमीन गहाण पडते, कोठें उसनवारी होते, आणि एका दिवसाच्या श्रीमंतीचें सोंग पुढें कित्येक वर्षें व्याजासह फेडावें लागतें. मांडवांत बसलेल्या प्रत्येकास हें ठाऊक असतें. वधूपित्यासहि ठाऊक असतें कीं सर्वांस ठाऊक आहे. तरीहि सारे गंभीर मुद्रेनें जेवून उठतात. सुदामा तेथें असता तर त्यानें या थाटाची अशी कांहीं तारीफ केली असती कीं पुढच्या वर्षीं मांडव घालणाऱ्याचा हात क्षणभर थांबला असता. तो क्षण फार मोलाचा असतो. तेवढ्यांत एखादें शेत वांचतें.

विद्यार्थी बंधुभगिनींनो, कोल्हटकरांचें स्मारक करावयाचें तर त्यास फार खर्च नको. ग्रंथालयांतून ‘सुदाम्याचे पोहे’ काढावे, घरांतील मंडळींस सायंकाळीं एखादा लेख मोठ्यानें वाचून दाखवावा, आणि कोण कोठें हसतें याकडे लक्ष ठेवावें. भाषा प्रथम अवघड वाटेल. दोनचार पानांनंतर सवय होते. आणि वाचतांना ज्या ठिकाणीं आपलें स्वतःचें हसूं एकदम थांबेल, तें पान दुमडून ठेवावें. बहुरूपी शेवटीं कोट उतरवून मुजरा करी आणि आपलें खरें नांव सांगे. तेवढें धैर्य आपणांस आलें तर हा लेख लिहिण्याचें श्रम सार्थकीं लागले असें आम्ही समजूं.